लग्नाआधी तुला दोन-चार गोष्टी सांगायच्यात

बाळा,

लग्न ठरलं, खूप बरं वाटलं. फोनवर तू विचारलंस की आत्या, आपलं घर एवढं मोठं, ती ॲडजस्ट होईल ना. होईल रे, पण ॲडजस्ट तुलापण व्हायचंय आणि हे तुला दुसरं कोणी सांगणार नाही म्हणून लिहितेय.

समाजशास्त्रज्ञ इरावती कर्वेंनी एकत्र कुटुंबाची व्याख्या केली त्यात एका छपराखाली राहणं आणि एका चुलीवरचं खाणं धरलंय. चूल आपली एकच आहे, पण त्या चुलीवरचं कोण कधी जेवतं ते जरा बघ. आधी पोरं, मग पुरुष मंडळी, मग आजी आणि सगळ्यात शेवटी ज्यांनी पोळ्या लाटल्या त्या, तोवर भाजी तळाला गेलेली असते, मग वहिनी म्हणते मला फारशी भूक नाही, चटणी-पोळी पुरे. नवी सून तर कायम शेवटच्या पंगतीत. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्रात १५ ते ४९ वयाच्या ५४ टक्के बायकांना ॲनिमिया निघाला, म्हणजे निम्म्याहून जास्त! कारणं बरीच असतील पण रोज उरलंसुरलं खाऊन अंगात रक्त कुठून येणार, सांग.

म्हणून पहिल्या आठवड्यापासूनच सगळ्यांनी एकदम बसायचं. आईशी वाद नको, भाषण नको, नुसतं म्हण मी थांबतो, आणि वाढायला ऊठ. ताटाखालचं मांजर म्हणतील, म्हणू देत. फक्त आईला आणि काकूलापण हाताला धरून बसव, एकट्या बायकोसाठी केलंस तर त्याचा त्रास तिलाच होईल.

दुपारी ती तासभर दार लावून पडली तर कोणी काही बोलणार नाही एवढं बघ. ओट्यावरचे डबे इकडचे तिकडे झाले म्हणून कुरबुर झाली तर मात्र मध्ये पडू नकोस, ते सासू-सून दोघी बघतील.

आणि हो, घरखर्चाला दरमहा किती देणार ते दादाशी आत्ताच बोलून घे. लग्नानंतर आकडा कमी केलास तर सगळे म्हणतील तिनेच शिकवलं.

तुझी आत्या