‘यूथेरिया’ म्हणजे काय? वार असलेल्या सस्तन प्राण्यांसाठी हाच शब्द वापरावा का?

‘यूथेरिया’ हा शब्द ग्रीक ‘यू’ म्हणजे चांगला किंवा खरा आणि ‘थेरियन’ म्हणजे पशू यांपासून बनला असून अमेरिकी प्राणिशास्त्रज्ञ थिओडोर गिल यांनी तो १८७२ साली वापरात आणला. शालेय पुस्तकांत त्याचा अर्थ ‘अपरायुक्त सस्तन प्राणी’ असा दिला जातो. अपरा म्हणजे गाय व्याल्यावर जी पडण्याची आपण वाट पाहतो ती वार. गाय, वटवाघूळ, देवमासा, माणूस हे सगळे याच गटातले.

मात्र हा अर्थ काटेकोर नाही. आजच्या वर्गीकरणात कांगारूसारख्या शिशुधान (पिल्लू पोटावरच्या पिशवीत वाढवणाऱ्या) प्राण्यांपेक्षा आपल्याला जवळचे असलेले सर्व सस्तन, नामशेष झालेल्यांसह, यूथेरियात मोडतात. आज जिवंत असलेले अपरायुक्त प्राणी आणि त्यांच्या सामाईक पूर्वजाचे सर्व वंशज एवढ्यांपुरते बोलायचे असेल, तर ‘प्लासेंटालिया’ ही संज्ञा योग्य ठरते. चीनमध्ये सापडलेला, सुमारे १२.५ कोटी वर्षांपूर्वीचा ‘इओमाया’ हा नामशेष सस्तन प्राणी सामान्यतः यूथेरियात धरला जातो, पण त्याच्या कमरेपुढे शिशुधानींत आढळणारी जघनाग्र हाडे होती, जी आजच्या अपरायुक्त प्राण्यांत नाहीत, म्हणून त्याला प्लासेंटालियात घालता येत नाही.

खरे तर ‘अपरायुक्त’ हे नावही थोडे फसवेच आहे, कारण शिशुधानींनाही अल्पकाळ टिकणारी, बहुधा पीतककोशापासून (भ्रूणाला जोडलेल्या बलकाच्या पिशवीपासून) बनलेली वार असते. विशेषण म्हणून ‘यूथेरियन’ लिहावे. ‘यूथेरिया प्राणी’ हा प्रयोग टाळावा.