'मिशनरी' म्हणजे पाद्री का?

प्रश्न असा आला आहे : एका इंग्रजी लेखाच्या अनुवादात 'मिशनरी' या शब्दासाठी सगळीकडे 'पाद्री' लिहिले तर चालेल का? आणि 'मिशन'चा मूळ अर्थ काय?

चालणार नाही. पाद्री हे चर्चमधले पद आहे, मिशनरी हे काम आहे. आपल्याच गावातल्या चर्चमध्ये जन्मभर उपासना चालवणारा पाद्री मिशनरी नसतो. उलट वेल्लोरला रुग्णालय उभारणाऱ्या डॉक्टर आयडा स्कडर मिशनरी होत्या, पाद्री नव्हत्या. हा एक दाखला पुरेसा आहे.

आता मूळ अर्थ. लॅटिनमध्ये 'मित्तेरे' म्हणजे पाठवणे आणि 'मिस्सिओ' म्हणजे पाठवणी. मिशनरी म्हणजे ज्याला पाठवले आहे तो. याच अर्थाचा ग्रीक शब्द 'अपोस्तोलोस', आणि मराठी बायबलात त्याला 'प्रेषित' म्हटले आहे. 'प्रेषित' म्हणजेही पाठवलेला. हा प्रतिशब्द मला फार आवडतो, कारण तो नुसता अर्थ सांगत नाही, धातूही जुळवून आणतो. मात्र तो येशूच्या पहिल्या शिष्यांसाठी आणि पैगंबरांसाठी रूढ झाल्यामुळे मिशनऱ्याला लावता येत नाही.

लॅटिन धर्मशास्त्रात 'मिस्सिओ' आधी वेगळ्याच संदर्भात येई : देवपित्याने पुत्राला, म्हणजे येशूला, जगात पाठवले, ती पाठवणी. माणसांना परमुलखात धर्मप्रसारासाठी पाठवणे हा अर्थ रुळला तो सोळाव्या शतकात, मुख्यतः जेझुइट या कॅथलिक धर्मसंघामुळे. 1540 मध्ये मान्यता मिळालेल्या या संघाचे पूर्ण दीक्षा घेतलेले सदस्य नेहमीच्या तीन व्रतांखेरीज एक चौथे व्रत घेत : पोप पाठवील तिथे जायचे. म्हणजे 863 मध्ये मध्य युरोपातल्या मोराव्हियाला गेलेल्या सिरिल आणि मेथोडियस या भावांना आपण मिशनरी म्हणतो, पण ही संज्ञा त्यांच्या काळची नव्हे. पुढे अर्थ आणखी सरकला आणि जिथे पाठवले ती जागाही 'मिशन' झाली. कॅलिफोर्नियात फ्रान्सिस्कन या कॅथलिक संघाच्या स्पॅनिश साधूंनी 1769 पासून वसवलेल्या 21 वसाहतींना मिशनच म्हणतात.

पण हा सगळा शब्दव्यवहार पाठवणाऱ्याच्या बाजूचा झाला. ज्यांच्या दारात हा माणूस येऊन उभा राहिला, त्यांना त्याला कुणी पाठवले याचे काय? त्यांनी जे ऐकले, जे पाहिले, त्यावरून नावे पडली. पोर्तुगीज आपल्या धर्मगुरूला 'पाद्रे' म्हणजे बाप म्हणत (आपल्या 'पितृ'चाच हा दूरचा भाऊबंद). मराठीत त्याचा पाद्री झाला, जपानीत 'बातेरेन'. 1587 मध्ये जपानचा सत्ताधीश हिदेयोशी याने काढलेला हद्दपारीचा हुकूम बातेरेनांविरुद्धच होता. चिनी भाषेने उसना शब्द न घेता स्वतःचा घडवला : 'छुआनच्याओशी', शिकवण पोचवणारा विद्वान. त्यात पाठवणाऱ्याचा मागमूस नाही.

सगळ्यांत हृद्य नाव मेक्सिकोतले. 1524 मध्ये बारा फ्रान्सिस्कन तिथे पोचले. त्यांची जीर्ण वस्त्रे बघून लोक एकच शब्द पुन्हा पुन्हा उच्चारत : 'मोतोलिनिआ'. त्या बारांतल्या तोरिबिओ दे बेनाव्हेन्ते यांनी अर्थ विचारला. 'गरीब', असे उत्तर मिळाले. तिथल्या नाहुआत्ल भाषेतला आपण शिकलेला हा पहिला शब्द म्हणून त्यांनी तो स्वतःचे नाव म्हणून घेतला आणि इतिहासात ते मोतोलिनिआ म्हणूनच ओळखले जातात. ज्या स्पॅनिश राजवटीच्या मागोमाग ते आले ती गरीब नव्हती, हेही विसरता येत नाही.

मराठीत 'मिशनरी'ला दोन छटा आहेत. 'मिशनरी वृत्तीने काम केले' ही स्तुती असते, तर नुसता 'मिशनरी' म्हटले की अनेकांच्या मनात धर्मांतराची शंका येते. 'धर्मप्रचारक' या प्रतिशब्दात फक्त दुसरी बाजू उरते. शाळा, छापखाने, व्याकरणे, शब्दकोश यांना त्यात जागा राहत नाही. विल्यम कॅरीने 1805 मध्ये मराठीचे व्याकरण छापले, ते मिशनऱ्याचेच काम होते.

म्हणून अनुवादात 'मिशनरी' तसाच ठेवावा, अनेकवचन 'मिशनरी', सामान्यरूप 'मिशनऱ्यां-'. मुळात 'प्रीस्ट' किंवा 'पास्टर' असेल तिथेच 'पाद्री' किंवा 'धर्मगुरू' लिहावे.