नावाची ताकद लिहायला घेतलीस? आधी एवढंच ठरव

भावा, तुझ्या कथेतल्या जगात माणसाचं नाव, म्हणजे त्याची लोकांतली पत, हीच जादू. कल्पना झकास आहे. ज्याचं गावात नाव, त्याच्या शब्दावर विहिरीला पाणी येतं. ज्याच्या नावाला बट्टा, त्याची चूलसुद्धा पेटत नाही. पण या जादूसाठी लिहिलेली ती चाळीस नियमांची वही तूर्त मिटून ठेव. तीनच गोष्टी ठरव.

१. नाव कोण मोजतं? आपण ‘पाचामुखी परमेश्वर’ म्हणतो. तुझ्या जगात ते शब्दशः खरं कर. मग लोकांचा समज खोटा असला तरी ताकद खरीच, आणि गोष्ट तिथेच सुरू होते.

२. किती लांब चालतं? साताऱ्यातला वजनदार माणूस मिरजेच्या फलाटावर उतरला की त्याला कोण विचारतो!

३. साठतं कुठे, जातं कसं? इथे मात्र रेंगाळ. सांगलीजवळ हरिपूरला हळद जमिनीखालच्या पेवांत साठवायचे. २००५ च्या महापुराचं पाणी शिरलं आणि बरीच पेवं गेली. पिढ्यांचं नाव असंच एका रात्रीत बुडालं, तर ते घर सकाळी उठून काय करेल? हा प्रसंग सगळ्यात आधी लिही.

नवखे हमखास नावाला आकडे देतात: ‘याची पत सत्तर’. मीही दिले होते. हिशेबातच वही संपली, गोष्ट लिहायची राहूनच गेली. दुसरं म्हणजे, नायक सज्जन म्हणूनच प्रसिद्ध. कशाला? बदनामीलाही जोर असू दे की.

मेलेल्यांचं नाव, देवांची पत हे नंतर बघू. आत्ता एक गाव, एक पार, दोन पानं. लिहून झालं की दाखव.