एकाच भूमिकेत वीस वर्षे

प्रश्न : ‘सीआयडी’मधील एसीपी प्रद्युम्न ही एकच भूमिका इतकी वर्षे केल्यामुळे शिवाजी साटम यांच्यातील चरित्र अभिनेत्याचे नुकसान झाले, असे आपणांस वाटते का?

उत्तर : आम्हांस तसे मुळीच वाटत नाही. बँकेतील नोकरी सांभाळून रंगभूमीवर घडलेल्या साटम यांनी बी. पी. सिंग यांच्या ‘एक शून्य शून्य’ या मराठी मालिकेत पोलीस अधिकारी रंगवला होता आणि त्याच दिग्दर्शकाची ‘सीआयडी’ १९९८ मध्ये सुरू झाली, ती २०१८ पर्यंत चालली. नाटकाच्या तालमीचे मोल कळते ते २००४ च्या एका भागात. एकही कट न घेता सलग १११ मिनिटे चित्रित झालेल्या त्या भागात कुणाचे एक वाक्य चुकले असते, तरी सारे पहिल्यापासून करावे लागले असते. अशा वेळी पुढच्या नटाचे बोलणे मन लावून ऐकणारा आणि स्वतःचा आवाज आवरून धरणारा ज्येष्ठ सहकलाकार सगळ्या चमूला सांभाळून नेतो. शिवाय, १९९९ च्या ‘वास्तव’मध्ये मुलाच्या गुन्हेगारीपुढे हतबल झालेला बाप त्यांनीच उभा केला, आणि त्या बापात प्रद्युम्नचा मागमूसही नाही. आमची खंत वेगळी आहे. मालिकेच्या रोजच्या चित्रीकरणामुळे मराठी रंगभूमीला त्यांचा सहवास हवा तेवढा लाभला नाही. डिसेंबर २०२४ मध्ये मालिका परतली, तेव्हा तेही त्याच भूमिकेत परतले.