खिळा ठोकायचा की नाही? : इंग्लंडमधल्या संरक्षित घरांबद्दल वाचकांचे प्रश्न

इंग्लंडच्या खेड्यात घर घेतलेल्या, घेऊ पाहणाऱ्या आणि नुसत्या पाहायला निघालेल्या वाचकांची पत्रं या वेळी आली आहेत. मी वास्तुविशारद आहे आणि जुन्या बांधकामांची दुरुस्ती हेच माझं काम. ऑक्सफर्डशर आणि आसपासच्या पॅरिशमध्ये माझा बहुतेक वेळ जातो. पॅरिश हा इथल्या गावकारभाराचा सर्वांत खालचा स्तर. एका पॅरिशमध्ये एक चर्च, एखादा जमीनदाराचा वाडा, दहा-वीस जुनी घरं आणि मळ्यावरची कोठारं, गोठे, गाडीखाने असे सगळे संरक्षित वास्तूंच्या सरकारी यादीत असू शकतात. त्या यादीत ग्रेड वन, ग्रेड टू-स्टार आणि ग्रेड टू अशा उतरत्या महत्त्वाच्या तीन श्रेणी असतात. वाड्याची आणि चर्चची काळजी वाहणारे पुष्कळ असतात. माझा जीव गुंततो तो कोठारांत, हे उत्तरं वाचताना तुमच्या लक्षात येईलच.

ताई, फॅरिंग्डनजवळच्या गावात आम्ही एक घर बघितलं आहे. सतराव्या शतकातलं, दगडी, ग्रेड टू. ऑफिसातले लोक सांगतात की असल्या घरात भिंतीला खिळासुद्धा ठोकता येत नाही. सासूबाई घाबरून गेल्या आहेत. घ्यावं का? — एक वाचक, स्विंडन

सासूबाईंना सांगा, खिळा खुशाल ठोका. फोटो टांगायला, साध्या भिंतींना रंग द्यायला, मोडलेली फळी तशाच फळीनं बदलायला सहसा कुणाची परवानगी लागत नाही. इमारतीचं जे ऐतिहासिक वैशिष्ट्य आहे त्याला धक्का लावणारा बदल करायचा असेल तर मात्र ‘लिस्टेड बिल्डिंग कन्सेंट’, म्हणजे स्थानिक कौन्सिलची परवानगी, घ्यावी लागते. खिडकी बदलणं, भिंत पाडणं, जुना जिना हलवणं, छपरावर सौर पॅनेल बसवणं ही त्यातली कामं. अर्जाला फी नाही आणि निर्णय साधारण आठ आठवड्यांत अपेक्षित असतो.

इंग्लंडच्या यादीत आज सुमारे ४ लाख नोंदी आहेत. त्यांतल्या ग्रेड वन जेमतेम अडीच टक्के, ग्रेड टू-स्टार सहा टक्क्यांच्या आत आणि उरलेल्या जवळजवळ ९२ टक्के साध्या ग्रेड टू. त्यामुळे अनेकांची समजूत होते की ग्रेड टू म्हणजे फक्त दर्शनी भाग सांभाळायचा. तसं नाही. तिन्ही श्रेणींत इमारत आतून-बाहेरून संरक्षित असते. स्वयंपाकघरातली जुनी चूल, माळ्यावरची तुळई, तळघराची फरशी, सगळं त्यात आलं.

मला काळजी वाटते ती वेगळ्याच गोष्टीची. १९९० च्या कायद्यानुसार विनापरवाना बदल हा फौजदारी गुन्हा आहे, आणि तो बदल पूर्ववत करायला लावण्याचा कौन्सिलचा अधिकार कितीही वर्षांनी संपत नाही. आधीच्या मालकानं वीस वर्षांपूर्वी परवानगीशिवाय प्लास्टिकच्या खिडक्या बसवल्या असतील, तर खटला तुमच्यावर होणार नाही, पण त्या काढून लाकडी बसवण्याची नोटीस तुमच्याच दारात येऊ शकते. म्हणून सौदा पक्का करण्याआधी कौन्सिलच्या नोंदींतून त्या घराच्या सगळ्या जुन्या परवानग्या काढा, आणि कागद हातात धरून खोली खोली फिरा. कागदावर नसलेलं काही दिसलं तर वकिलाला लगेच सांगा. जुन्या घरांची पाहणी करण्याचा अनुभव असलेला सर्व्हेअर घ्या. विम्यासाठी घराच्या किमतीचा नाही, तर तसंच पुन्हा बांधायच्या खर्चाचा आकडा लागतो. तो बराच मोठा निघतो.

एवढं जमवलंत तर जरूर घ्या. दोन फूट जाड भिंतीच्या घरात उन्हाळा फार सुखाचा जातो.

घराच्या मागे लाकडी धान्यकोठी आहे. भूछत्रासारख्या नऊ दगडांवर उभी आहे. यादीत तिचा उल्लेख नाही, फक्त घराचा आहे. कोठी मोडकळीला आलीय. ती काढून ते दगड बागेत मांडले तर चालेल ना? — एक वाचक, विटनी

कृपा करून हात लावू नका. आधी कौन्सिलच्या कॉन्झर्व्हेशन ऑफिसरला, म्हणजे जुन्या वास्तूंचं काम पाहणाऱ्या अधिकाऱ्याला, फोन करा.

यादीत नाव नाही म्हणून संरक्षण नाही असं होत नाही. संरक्षित घराच्या आवारात १ जुलै १९४८ पूर्वीपासून असलेलं बांधकाम, ते घराचाच उपांग म्हणून वापरात असेल तर, कायद्यानं घराचाच भाग मानतात. गोठा, कुंपणाची भिंत, डुकरांचा कोंडवाडा, संडाससुद्धा. आवार नेमकं कुठवर, यावर वाद होतात, म्हणून अंदाजावर जाऊ नका.

नोंदीत कोठीचा उल्लेख का नसावा, तेही सांगते. १९८० च्या ऑगस्टमध्ये पश्चिम लंडनमधली फायरस्टोनच्या कारखान्याची देखणी इमारत यादीत जाण्याच्या बेतात होती. त्याआधीच जोडून आलेल्या सुट्टीत मालकांनी ती पाडली. फार गदारोळ झाला. मंत्री मायकल हेसेल्टाइन यांनी सबंध देशाची फेरपाहणी वेगानं करवून घेतली. पाहणी करणारी माणसं पॅरिशमागून पॅरिश, मळ्यामागून मळा पालथा घालत गेली. आज यादीत जी हजारो कोठारं दिसतात त्यांतली कितीतरी या फेरीत आली. त्या पाहणीच्या नोंदींच्या हिरव्या मुखपृष्ठांच्या पुस्तिका मी अजून वापरते. पण माणसं घाईत होती, पुष्कळदा रस्त्यावरूनच पाहत होती. नोंदीचा उद्देश इमारत ओळखू यावी एवढाच होता. तिच्यात जे लिहिलेलं नाही ते बिनमहत्त्वाचं, असा अर्थ काढता येत नाही.

आता तुमचे नऊ दगड. खालचा निमुळता खांब आणि वरची गोल टोपी. उंदीर खांब चढून येतो, पण टोपीच्या खालच्या बाजूनं उलटा होऊन तिला वळसा घालणं त्याला जमत नाही. वर धान्य सुरक्षित, आणि खालून वारा खेळता राहिल्यानं कोरडंही. हे दगड बागेच्या शोभेसाठी महाग विकले जातात, चोरीलाही जातात, आणि म्हणूनच कोठीखाली आपल्या जागी उभे असलेले दगड मला इतके मोलाचे वाटतात. कोठी दुरुस्त करा. चौकटीचा खालचा भाग कुजला असेल तर तेवढाच कापून नवा ओक सांधता येतो. चांगला सुतार अख्खी तुळई कधीच फेकत नाही.

भिंतींना खालून ओल येते. बिल्डर म्हणतो, रसायन टोचून घ्या आणि आतून-बाहेरून सिमेंट प्लास्टर करा, वीस वर्षांची गॅरंटी. करू का? — एक वाचक, अ‍ॅबिंग्डन

नको. या प्रश्नावर मी माणसांशी भांडले आहे आणि पुढेही भांडेन.

तुमच्या भिंतीला पोकळी नाही. आत-बाहेर दगड आणि मधे भर, सगळं चुन्यात. पावसाचं पाणी अशा भिंतीत थोडं शिरतंच, आणि चुन्याच्या सांध्यांतून वाळून बाहेर जातं. भिंतीचं सगळं आरोग्य या येण्या-जाण्यावर आहे. सिमेंटनं ती वाट बंद होते. प्लास्टरला केसाएवढी चीर पडते, पाणी तिथून आत जातं, पण बाहेर पडू शकत नाही. मग ते वर चढतं आणि तुळयांच्या भिंतीत रुतलेल्या टोकांशी पोचतं. तीच टोकं आधी कुजतात. नुसते सांधे सिमेंटनं भरले तरी मऊ चुनखडीचा दगड मार खातो. पाणी दगडातूनच वाळू लागतं, थंडीत आत गोठतं आणि पापुद्रे सुटतात. सांधे टणक आणि दगड खोल झिजलेला, अशा भिंती प्रत्येक गावात दिसतात.

पैसे खर्च करण्याआधी पावसात छत्री घेऊन घराभोवती फिरा. पन्हळ तुंबलीय का? उतरता पाइप फुटलाय का? बाहेरची जमीन आतल्या फरशीपेक्षा वर आलीय का? शंभर वर्षं फुलझाडांचे वाफे आणि अंगणाच्या फरश्या चढत गेल्या की जमीन सहज फूटभर वर येते. ती खाली उतरवली, पन्हळ साफ केली आणि भिंतीला वाळायला वेळ दिला, एवढ्यानं ओल गेलेली मी अनेकदा पाहिली आहे. वेळ म्हणजे आठवडे नाही, महिने.

मग जुनं सिमेंट हलक्या हातानं काढून चुन्याचं प्लास्टर करा. ते काढण्याआधीही कौन्सिलला विचारा. चुन्याचं काम गारठ्यात करू नका. ते पक्कं होण्याआधी दंव पडलं तर सगळं भुसभुशीत होतं. चुनेकाम येणारा गवंडी शोधायला वेळ लागेल, पण शोधा. वाई-साताऱ्याकडच्या वाड्यांत चुन्याची घाणी फिरायची, तिथलं जुनं गवंडीकाम पाहिलेल्या माणसाला यात नवल वाटणार नाही.

मुलीकडे ऑक्सफर्डला महिनाभर आहोत. राजवाडे पाहून झाले. खेड्यातली एखादी जुनी शेतकी इमारत पाहायची आहे. ग्रेट कॉक्सवेलला ‘टाइद बार्न’ आहे म्हणतात, ते पाहण्यासारखं आहे का? — एक वाचक, मुक्काम ऑक्सफर्ड, मूळ कोल्हापूर

काका, सगळी कामं बाजूला ठेवून जा.

आधी एक दुरुस्ती. टाइद म्हणजे शेतकऱ्यानं चर्चला द्यायचा उत्पन्नाचा दहावा हिस्सा. १८३६ च्या कायद्यानं तो धान्याऐवजी रोख रकमेत बदलला. तो हिस्सा साठवायच्या कोठाराला टाइद बार्न म्हणत, आणि पुढे इंग्लंडमधल्या प्रत्येक मोठ्या कोठाराला तेच नाव द्यायची सवय पडली. ग्रेट कॉक्सवेलचं कोठार मात्र त्या वसुलीसाठी नव्हतं. इथली जमीन राजा जॉननं तेराव्या शतकाच्या सुरुवातीला सिस्टर्शियन या ख्रिस्ती पंथाच्या भिक्षूंना दिली. त्यांचा मठ दूर दक्षिणेला, हॅम्पशरमध्ये ब्यूली इथे. ही मठाची स्वतःची शेती, आणि तिचं पीक ठेवायला हे कोठार. लाकडातल्या वर्षवलयांवरून ते १२९२ च्या सुमाराचं ठरलं आहे. आपल्याकडे देवगिरीला रामदेवराय यादव राज्य करत होता तो काळ.

लांबी सुमारे १५२ फूट, रुंदी ४४, उंची ४८. आत गेलात की क्षणभर दाराशीच थांबा आणि डोळे अंधाराला सरावू द्या. मग खांबांकडे बघा. ओकचे अख्खे खांब दोन रांगांत, आणि प्रत्येकाखाली जवळजवळ पुरुषभर उंचीचा दगडी चौथरा. सातशे वर्षं लाकूड जमिनीच्या ओलीपासून वाचलं ते या चौथऱ्यांमुळे. त्या काळचे सुतार ओक ओला असतानाच सांधे करत आणि लाकडी खुंट्या ठोकत. लाकूड वाळत गेलं की सांधा आणखी आवळत जाई. छपरावर दगडी कौलं आहेत, वळचणीला मोठी आणि आढ्याकडे लहान होत जाणारी. तेवढं वजन हा सांगाडा आजही पेलतो आहे.

बाजूंना बाहेर आलेल्या देवड्या दिसतील, भरल्या गाड्या आत यायच्या त्या तिथून. समोरासमोर दारं हे या कोठारांचं जुनं शास्त्र. दोन्ही उघडली की मधल्या खळ्यावरून वारा वाहतो आणि मळलेलं धान्य उफणता येतं. काका, तुम्ही शेती पाहिलेली आहे, तुम्हाला हे माझ्यापेक्षा जास्त कळेल.

आठव्या हेन्रीनं मठ बरखास्त केले तेव्हा, १५३८ मध्ये, ब्यूलीही गेला. दगड इतरत्र गेले. इथलं कोठार राहिलं, कारण पीक तर दर वर्षी येतच होतं. पुढे लेखक आणि कलाकार विल्यम मॉरिस १८७१ पासून जवळच केल्म्स्कॉटला राहू लागला. त्याच्या लेखी हे कोठार कॅथीड्रलइतकंच सुंदर होतं, आणि तो पाहुण्यांना ते दाखवायला घेऊन यायचा. १८७७ मध्ये त्यानं जुन्या वास्तूंच्या रक्षणासाठी संस्था काढली. जुनं खरवडून नव्यासारखं करू नका, वेळच्या वेळी दुरुस्ती करत राहा, हा तिचा आग्रह. मी ज्या पद्धतीनं काम करते ती तिथूनच आली आहे. आज कोठार ग्रेड वन आहे आणि वास्तू जपणाऱ्या नॅशनल ट्रस्ट या संस्थेकडे आहे. निघण्याआधी वेळा त्यांच्या संकेतस्थळावर बघून घ्या.

एवढे नियम लादतात, मग सरकार दुरुस्तीला पैसे देतं का? — एक वाचक, पुणे

बहुतेकांना नाही. अनुदानं थोडी आहेत आणि ती मुख्यतः वरच्या श्रेणींना मिळतात. पूर्वी परवानगी घेऊन केलेल्या बदलांवर व्हॅट माफ होता, ऑक्टोबर २०१२ पासून ती माफीही गेली. दुरुस्तीवर तर व्हॅट आधीपासूनच होता. धोक्यातल्या वास्तूंची एक राष्ट्रीय यादी दर वर्षी निघते, पण लंडनबाहेरच्या ग्रेड टू इमारती, प्रार्थनास्थळं सोडली तर, तिच्यात धरतच नाहीत. म्हणजे मळ्यावरची जवळजवळ सगळी कोठारं मोजणीच्या बाहेर. ती कोसळत असली तरी देशाला आकडा कळत नाही. कौन्सिल मालकाला दुरुस्तीची नोटीस देऊ शकतं, पण कर्मचारी कमी असल्यानं तिथवर क्वचितच पोचतं. मला हे अतिशय चुकीचं वाटतं.

मोठं जुनं कोठार विकायला आहे, ग्रेड टू. शेतकी इमारतीचं राहतं घर करायला प्लॅनिंग परवानगीतून सूट असते असं ऐकलं. तीन मजले, सहा खोल्या बसतील. — एक वाचक, रेडिंग

ती सूट, ‘क्लास क्यू’, संरक्षित इमारतींना लागू नाही. तुम्हाला पूर्ण प्लॅनिंग परवानगी आणि कन्सेंट दोन्ही लागतील. तीन मजल्यांचा नकाशा घेऊन गेलात तर नकारच येईल, आणि यावा असं माझं मत आहे. कोठाराचं सौंदर्य त्याच्या सलग पोकळीत आहे. मजले घातले, छपरात दहा खिडक्या पाडल्या, धुराडं उभारलं की आत कोठार उरत नाही.

उजेड हवा तर गाड्यांसाठीच्या मोठ्या दारांना काच लावा. झोपायच्या खोल्या एका टोकाला घ्या आणि मधला भाग आढ्यापर्यंत मोकळा ठेवा. शेजारी गाडीखाना असेल तर खोल्या तिथेच करा. कुटुंबाला सहा खोल्या हव्याच असतील तर हे कोठार दुसऱ्या कुणाला घेऊ द्या. सुतारशाळा, गावाचं सभागृह, शेतमालाचं दुकान, असा एकाच मोठ्या जागेचा वापर त्याला जास्त शोभेल.

आणि वटवाघळं तपासा. ती आणि त्यांच्या बसायच्या जागा कायद्यानं संरक्षित आहेत, ती त्या वेळी तिथे नसली तरी. पाहणी मे ते सप्टेंबर या महिन्यांतच नीट होते. तुम्हाला ऑक्टोबरात जाग आली तर वर्ष गेलं. गव्हाणी घुबड घरटं करून असेल तर पिल्लं उडून जाईपर्यंत काम थांबवावं लागतं. पुष्कळ कोठारांच्या त्रिकोणी भिंतीत उंचावर एक लहान भोक असतं. ते शेतकऱ्यानं मुद्दाम ठेवलेलं, घुबडानं आत येऊन उंदीर मारावेत म्हणून. नकाशात ते बुजवू नका.