पॉलिसीत नाव नाही म्हणून भरपाई बुडत नाही

प्रश्न : माझे पती (वय ३४) एका ठेकेदाराकडे वेल्डर होते. पगार २२,००० रुपये. ११,००० बँकेत, बाकी रोख. ऑगस्ट २०२५ मध्ये चाकणजवळ शेडचे पत्रे बसवताना पडून ते गेले. शेडचं काम मुळात शेड उभारणाऱ्या एका मोठ्या कंपनीने घेतलं होतं, तिने ते आमच्या ठेकेदाराला दिलं. विमा कंपनीने ठेकेदाराला कळवलं की पॉलिसी पाच कामगारांची आहे, मृताचं नाव दिलेलं नव्हतं आणि सेफ्टी बेल्ट लावलेला नव्हता. म्हणून क्लेम नामंजूर. ठेकेदाराने दोन लाख देऊन नोटरीकडे ‘यापुढे मागणी नाही’ असं लिहून घेतलं. सहा वर्षांची मुलगी आणि विधवा सासूबाई माझ्याकडे आहेत. काही मिळेल का? (एक वाचक, कराड)

उत्तर : ताई, मिळेल, आणि दोन लाखांपेक्षा पुष्कळ जास्त.

आधी एक खात्री करून घ्या. पतींची ईएसआयमध्ये (कर्मचारी राज्य विमा योजनेत) नोंद होती का? असेल तर भरपाईचा हा दावा चालत नाही. त्याऐवजी ईएसआयकडून अवलंबितांना दरमहा पेन्शन मिळते. २१,००० रुपयांच्या वर पगार असणारा त्यात येत नाही. पण ठेकेदार कागदोपत्री ११,००० दाखवून वेगळंच चित्र उभं करू शकतो, म्हणून विमा क्रमांक होता की नाही हे तपासून घ्याच.

नोंद नसेल तर कर्मचारी भरपाई कायदा, १९२३ लागतो. २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता आली. तुमचा अपघात त्याआधीचा, त्यामुळे हक्क जुन्या कायद्याने ठरतो. भरपाईचा अर्ज कर्मचारी भरपाई आयुक्तांकडे (असे दावे ऐकून निकाल देणाऱ्या अधिकाऱ्याकडे) करायचा असतो, त्यात तसं स्पष्ट लिहा.

रक्कम अशी निघते : महिन्याच्या पगाराचा निम्मा भाग गुणिले वयाचा गुणक (कायद्याच्या तक्त्यात वयानुसार दिलेला आकडा). पगार कितीही असला तरी हिशेबात १५,००० पर्यंतच धरतात. ३४ वर्षांचा गुणक १९९.४०, म्हणजे ७,५०० × १९९.४० = १४,९५,५०० रुपये. अंत्यविधीचा खर्च वेगळा, किमान ५,०००. ठेकेदाराने फक्त बँकेतला पगार मान्य केला तर हाच आकडा १०,९६,७०० वर येतो. जवळजवळ चार लाखांचा फरक! तुम्हाला पूर्ण २२,००० सिद्ध करायचे नाहीत, १५,००० ओलांडले की पुरे. हजेरीचे व्हॉट्सअ‍ॅप मेसेज, उचलीची वही, सोबतच्या दोन वेल्डरांची साक्ष एवढ्यावर ते जमतं. वयासाठी शाळा सोडल्याचा दाखला जोडा. आधारवर वय एक वर्ष जास्त निघालं तर १७,५५० रुपये कमी होतात.

आता विमा कंपनीचे मुद्दे. बेल्टचा मुद्दा टिकत नाही. सुरक्षेचं साधन जाणूनबुजून वापरलं नाही, हा बचाव मृत्यूच्या प्रकरणात कायद्यानेच काढून घेतला आहे (कलम ३). नाव नसण्याचा मुद्दा पॉलिसी बघितल्याशिवाय कोणी मान्य करू नये. अशा पॉलिसी बहुधा नावांवर नसतात. कामाचा प्रकार, कामगारांची संख्या आणि वर्षभराचा एकूण पगार यांवर हप्ता ठरतो. ‘पाच’ हा आकडा वेल्डरांचा आहे की सगळ्यांचा, त्या दिवशी साइटवर किती जण होते, उंचीवरचं काम वगळलंय का, हे पॉलिसीचं शेड्यूल (तपशिलाचा तक्ता), प्रस्ताव अर्ज आणि एंडॉर्समेंट (पॉलिसीत नंतर केलेले बदल) वाचूनच कळेल. हे कागद हजर करण्याचा आदेश आयुक्तांकडून मागा. पगार कमी घोषित केला असेल तर कंपनी आपली जबाबदारी तेवढ्यापुरती मर्यादित करू पाहते. उरलेलं ठेकेदाराने भरायचं.

एक गोष्ट मात्र पक्की लक्षात ठेवा. भरपाई देणं ही मालकाची जबाबदारी, विमा असो वा नसो. विमा कंपनी त्याच्या वतीने पैसे भरते, तेही पॉलिसीच्या अटींप्रमाणे. तिने हात वर केले तर ठेकेदार सुटत नाही. ठेकेदाराकडे पैसे नसले तर कलम १२ आहे : शेड उभारणं हाच ज्या कंपनीचा धंदा, तिने ते काम पोटठेक्याने दिलं तरी भरपाईला तीही जबाबदार. अशा कंपन्यांच्या स्वतःच्या पॉलिसीत पुष्कळदा पोटठेकेदारांचे कामगारही धरलेले असतात. म्हणून ठेकेदार, मूळ कंपनी आणि दोघांच्या विमा कंपन्या अशा सगळ्यांना प्रतिवादी करा. इथेच बहुतेक अर्ज कच्चे राहतात.

नोटरीच्या कागदाला घाबरू नका. मृत्यूची भरपाई आयुक्तांकडे जमा करावी लागते. परस्पर हातात दिलेली रक्कम भरपाई म्हणून धरत नाहीत (कलम ८), आणि हक्क सोडल्याचा करार रद्दबातल असतो (कलम १७). दिलेल्या पैशांपैकी जास्तीत जास्त तीन महिन्यांच्या पगाराइतकी रक्कम उचल म्हणून वळती होऊ शकते. दोन लाख मिळाल्याचं अर्जात स्वतःहून सांगा, लपवू नका.

भरपाई अपघाताच्या दिवशीच देय होते, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७६ सालीच सांगितलं आहे. महिन्याभरात दिली नाही तर १२ टक्के सरळ व्याज. तुमच्या रकमेवर वर्षाला १,७९,४६०. शिवाय ५० टक्क्यांपर्यंत दंड. व्याज विमा कंपनीवर पडेल की ठेकेदारावर, हे पॉलिसीतल्या अटीवर ठरतं. दंड मात्र ठेकेदारानेच भरायचा, आणि त्याला आधी कारणे दाखवा नोटीस द्यावी लागते. दोन्ही मागण्या अर्जात वेगवेगळ्या लिहा.

अर्ज सातारा जिल्ह्यात करता येतो, कारण तुम्ही तिथे राहता. पुण्याला हेलपाटे घालायची गरज नाही. मुदत मृत्यूपासून दोन वर्षं, पण थांबू नका, साक्षीदार साइट बदलत राहतात. पोलिसांकडची आकस्मिक मृत्यूची नोंद, घटनास्थळ पंचनामा, शवविच्छेदन अहवाल यांच्या प्रती आत्ताच काढा. अर्जात स्वतःबरोबर मुलीचं आणि सासूबाईंचंही नाव घाला. विधवा आईला अवलंबित्व सिद्ध करावं लागत नाही. मुलीचा हिस्सा आयुक्त बहुधा मुदत ठेवीत ठेवतात.

आणि पतींची बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळाकडे नोंदणी चालू होती का, तेही बघा. असेल तर तिथला अर्ज स्वतंत्रपणे करा. त्या मदतीमुळे ही भरपाई कमी होत नाही.