मोटरवर चालणारी मोठी लेगो क्रेन (42146) बारा वर्षांच्या मुलासाठी घ्यावी का?

तुमच्या मुलाला क्रेनचे वेड आहे, म्हणून लेगो टेक्निकचा ‘लीबहेर एलआर 13000’ हा क्रॉलर क्रेनचा (म्हणजे रणगाड्यासारख्या पट्ट्यांवर चालणाऱ्या क्रेनचा) संच घ्यावा असे तुमच्या मनात आहे. पण खोक्यावर 18 वर्षांपुढील वय छापलेले आहे आणि किंमत पाहून हात आखडतो, तेव्हा तो संच त्याला जमेल का आणि पैशांचे चीज होईल का, असे तुम्ही विचारले आहे. हाच संच मी गेल्या वर्षी माझ्या तेरा वर्षांच्या भाच्याबरोबर जोडला. शिवाय पुलांच्या कामांवर जड तुळया क्रेनने कशा उचलायच्या याचे नियोजन करणे हा माझा व्यवसाय आहे, त्यामुळे खेळण्याकडे मी थोड्या वेगळ्या नजरेने पाहिले. कोणी मोठे माणूस त्याच्या शेजारी बसणार असेल तर जरूर घ्या. खोके उघडल्यावर संध्याकाळपर्यंत त्याने एकट्याने क्रेन चालवावी अशी अपेक्षा असेल तर मात्र घेऊ नका.

हा संच 2023 च्या ऑगस्टमध्ये बाजारात आला. त्यात 2,883 भाग, 6 मोटरी आणि 2 हब (सेल बसवायचे आणि फोनची आज्ञा मोटरींना पोचवणारे डबे) आहेत, आणि उभी केलेली क्रेन जवळजवळ एक मीटर उंच होते. तिची मूळ, खरी क्रेन जर्मनीतील एहिंगेनच्या कारखान्यात तयार होते आणि 3,000 टनांपर्यंत भार उचलण्याच्या क्षमतेची असते. भागांच्या संख्येला तुम्ही घाबरू नका. टेक्निकचीच 2018 सालची रफ टेरेन क्रेन (42082) 4,057 भागांची होती, पण तिच्यात मोटर एकच होती आणि सगळा अवघडपणा गिअरपेटीत होता. इथे गिअरची साखळी त्या मानाने सरळ आहे. खरे अवघड आहे ते वायरी आणि दोरे यांचे काम.

जोडणीला आम्हांला पाच शनिवार-रविवार लागले. पुस्तिकेत आसांची चित्रे मूळ मापात छापलेली असतात, त्यामुळे प्रत्येक आस कागदावर ठेवून मोजण्याची सवय मुलाला पहिल्याच दिवशी लावावी. पिनांच्या रंगाकडेही तसेच लक्ष हवे. दोन भोकांइतक्या लांबीची काळी पिन घट्ट बसते आणि करडी सैल फिरते. तीन भोकांइतक्या लांबीच्या पिनांत निळी घट्ट आणि फिकट पिवळसर सैल. जिथे भाग फिरायला हवा तिथे घट्ट पिन बसली तर मोटर त्या घर्षणाशीच झगडत राहते, आणि दोष मोटरीचा आहे असे वाटून माणूस भलतीकडेच शोधत बसतो.

आमची मोठी चूक वायरींची झाली. प्रत्येक हबला चार जागा असतात आणि कोणत्या मोटरीची वायर कुठे लावायची हे ठरलेले असते. मी दोन वायरींची अदलाबदल केली आणि वरचा सांगाडा झाकून झाल्यावर पहिल्यांदा क्रेन चालू केली. फोनवर गिरकीची आज्ञा दिली तर एक पट्टाच चालू लागला. तो सांगाडा उघडून पुन्हा बसवण्यात एक अख्खा रविवार गेला. त्यानंतर आम्ही प्रत्येक वायरीच्या दोन्ही टोकांना कागदी चिकटपट्टी लावून तिच्यावर मोटरीचे काम लिहिले. हे तुम्ही सुरुवातीलाच करा.

दोऱ्याचे काम घाईने होत नाही. हायड्रॉलिक क्रेनमध्ये बूम, म्हणजे क्रेनचा लांब हात, तेलाच्या दाबाने दट्ट्या सरकून उचलली जाते. या जातीच्या जाळीदार बूमच्या क्रेनमध्ये ती दोरांनी, म्हणजे विंच (दोर गुंडाळणारे फिरते रीळ) आणि कप्प्यांनी उचलली जाते, आणि खेळण्यातही ते तत्त्व तसेच ठेवले आहे. दोरा कप्प्यांतून जितक्या फेऱ्यांनी ओवला जातो तितका भार वाटला जातो: दोन फेऱ्यांवर टांगलेल्या वजनासाठी विंचला सुमारे निम्मे बल पुरते, पण हुक निम्म्या वेगाने चढतो. भाच्याने शाळेत कप्पी पाठ केली होती. इथे ओवलेला दोरा स्वतः ओढून पाहिल्यावर त्याने मला उलट विचारले की मग दहा फेरे का घेत नाहीत. प्रत्येक कप्पीवर थोडे बल घर्षणात जाते आणि दोर लांबत जातो, हे उत्तर त्याला लगेच पटले, कारण पुढचा अर्धा तास तो दोराच सोडवत होता. एक फेरा कप्पीवरून निसटलेला असला तर बूम तिरकी चढते, म्हणून ओवून झाल्यावर टोकापासून विंचपर्यंत बोट फिरवून दोरा तपासावा.

माझ्या मते या संचाचे खरे मोल त्याच्या तोलात आहे. मागच्या बाजूला लावायच्या वजनदार विटा संचात येतात आणि त्या शोभेच्या नाहीत. बूम पुढे झुकल्यावर क्रेन उभी राहते ती त्यांच्या जोरावर. प्रत्यक्ष कामावर आम्ही प्रत्येक वेळी लोड चार्ट (किती अंतरावर किती भार चालेल याचा तक्ता) उघडतो, कारण क्रेन किती उचलेल याला एकच आकडा नसतो. भार किती आणि क्रेनपासून किती दूर, हे दोन्ही मिळून ते ठरते. समजा बूम 80 सेंमी लांब आहे आणि टोकाला 200 ग्रॅम टांगले आहे. बूम जमिनीशी 60 अंशांत असेल तर वजन बूमच्या बुडापासून आडवे 40 सेंमी दूर असते, म्हणजे आघूर्ण (वजन गुणिले अंतर, क्रेनला कलंडवणारा जोर) 8,000 ग्रॅम-सेंमी. तीच बूम 30 अंशांपर्यंत खाली आणली तर अंतर सुमारे 69 सेंमी होते आणि आघूर्ण जवळजवळ 13,900 वर जाते. वजन एका ग्रॅमनेही वाढलेले नसते. आम्ही स्वयंपाकघरातल्या काट्यावर तोललेली तांदळाची पुरचुंडी हुकाला लावली, बूमखाली हात धरून ती हळूहळू खाली घेतली आणि पट्ट्यांची मागची कड जमिनीवरून कधी उचलली जाते ते पाहिले. मग मागच्या काही विटा काढून तेच पुन्हा केले. क्रेन उलटण्याच्या दुर्घटना का घडतात हे कामावरच्या नवीन मुलांना समजावताना मला जितके बोलावे लागते, त्याच्या चौथ्या हिश्श्यात ते त्या मुलाला कळले. हा प्रयोग गादीवर करू नका, टणक आणि सपाट फरशीवरच करा. खऱ्या क्रेनलाही आधी जमीन तपासावी लागते.

न पटलेल्या गोष्टीही सांगते. संचासोबत हातात धरायचा रिमोट नाही. सगळे नियंत्रण फोनवरच्या ‘कंट्रोल प्लस’ या अ‍ॅपमधून होते. क्रेन चालवताना नजर हुकावर हवी, आणि काचेवर बोट सरकवताना ती सारखी फोनकडे वळते. खऱ्या क्रेनच्या नियंत्रण-दांड्याला जो हाताचा अंदाज असतो तो इथे येत नाही, आणि क्रेन हे तर अंदाजाचेच यंत्र आहे. दोन्ही हब मिळून 12 पेन्सिल सेल लागतात. सेल संचाबरोबर येत नाहीत, म्हणून पुन्हा चार्ज होणारे घ्या आणि पावसाळ्यात क्रेन पडून राहणार असेल तर ते काढून ठेवा. हालचाली संथ आहेत अशी तक्रार तुमचा मुलगा करील. त्या संथ आहेत हे मला योग्य वाटते, कारण हुकावरचे वजन झोके घेऊ लागले की तोल बिघडतो.

पैसे अडवत असतील तर टेक्निकची 2020 ची मोबाइल क्रेन (42108) पाहा. ती 1,292 भागांची आहे आणि तिच्यात मोटर नाही, पण हाताने चाक फिरवून बूम लांबवणे आणि दोर गुंडाळणे हे सगळे तिच्यात आहे, आणि बारा वर्षांचा मुलगा ती एकट्याने जोडू शकतो. मोठी क्रेन जुनी वापरलेली घेणार असाल तर विकणाऱ्याकडून सहाही मोटरी आणि दोन्ही हब चालू अवस्थेत पाहा आणि वजनाच्या विटा पुस्तिकेतल्या यादीशी जुळवून मोजून घ्या. साधे तुकडे हरवले तर सुटे मिळतात, पण त्या विटा कमी भरल्या तर बूम खाली आणताना क्रेन पुढे कलंडेल.